तुमची पाळी आली आहे

आमच्या तालुक्यात एक लहानसा दिवाळी अंक निघतो. त्याचे संपादक दरवर्षी गणपती उठले की माझ्याकडे येतात, बाकड्यावर बसतात आणि म्हणतात, "दत्तूकाका, तुमच्या धंद्यातलं काहीतरी गमतीचं द्या." मी देतो. लोक हसतात, अंक खपतो, संपादक पुढच्या वर्षी पुन्हा येतात. आजवर चार लेख दिले आणि चारही लेखांत एक गोष्ट गाळली. विसरलो म्हणून नव्हे. प्रत्येक वेळी तिच्यापर्यंत आलो की मला अचानक आणखी एखादं विनोदी गिऱ्हाईक आठवायचं.

यंदा ती गोष्ट लिहायची ठरवलीय. पण जुनी खोड एकदम जात नाही, तेव्हा सुरुवात गमतीनंच होईल. वाचकांनी चालवून घ्यावं.

घोडेगावात एसटी स्टँडजवळ माझं दुकान होतं. आधी घड्याळं, मग ट्रान्झिस्टर, मग टेपरेकॉर्डर, आणि शेवटची बारा-पंधरा वर्षं मोबाईल. आयुष्यभर लोक माझ्याकडे मुक्या वस्तू घेऊन आले आणि बोलत्या करून घेऊन गेले. म्हातारपणी धंदा उलटा फिरला. आता ते बोलणारी वस्तू आणायचे आणि म्हणायचे, "काका, हिला गप्प करा."

त्याला कारण हे गेम. गेम फुकट मिळतो, पण एकदा घरात घेतला की तो तुम्हाला विसरू देत नाही. सकाळी हाक, दुपारी हाक, जेवताना हाक. या हाकांना नोटिफिकेशन म्हणतात. फोनचा पडदा काळा असो, खिशात असो, वरून एक पट्टी घसरत खाली येते आणि टुणकन वाजते. तीत लिहिलेलं असतं, "आम्हाला तुमची खूप आठवण येते." पोटची पोरं पुण्यात जाऊन आठ-आठ दिवस फोन करत नाहीत, आणि कुठल्या परदेशातल्या कंपनीला आमच्या लोकांची आठवण येते. पहिल्या वेळी काही लोकांना भरूनही यायचं. तिसऱ्या दिवशी ते माझ्याकडे यायचे.

मग मी पाटीवर एक ओळ वाढवली. "मोबाईल दुरुस्ती, रिचार्ज, कव्हर. फोन गप्प करून मिळेल." ग्रामपंचायतीच्या निवडणुकीच्या तोंडावर दोघांनी वेगवेगळे येऊन विचारलं, माणसं पण करता का.

काम कसं असतं ते सांगतो, पुढे लागणार आहे. ती घसरून आलेली पट्टी बोटानं दाबून धरायची. खाली यादी उघडते. एकाच गेमच्या हाका पाच-सहा जातींच्या असतात. जाहिरातीच्या वेगळ्या, बक्षिसांच्या वेगळ्या, मित्रांच्या वेगळ्या, खेळातल्या चालींच्या वेगळ्या. प्रत्येकीला स्वतःचं बटण. शिवाय नुसता आवाज काढून घेता येतो, किंवा आवाज बदलून साधी घंटी लावता येते. आणि या सगळ्यांच्या डोक्यावर एक मोठं बटण असतं. ते बंद केलं की सगळ्या जाती एकदम मेल्या. चांगला कारागीर खालची बटणं बघतो, गिऱ्हाइकाला विचारतो, एकेक बंद करतो. त्याला पाच-सात मिनिटं लागतात. वरच्या बटणाला एक टिचकी पुरते.

घाटघरचा एक पाव्हणा मला जुन्नरच्या स्टँडवर भेटला होता. त्याच्या गावात रेंज फक्त एका खडकावर यायची. त्यामुळे एसटी घाट उतरून खाली आली की तीन दिवसांच्या हाका एकदम पडायच्या, पोतं उपडं केल्यासारख्या. सगळी गाडी त्याच्याकडे बघायची. तो म्हणाला, "रेंज नसली तरी ह्या मरत कशा न्हाईत वो?" मी सांगितलं, रेंज नसली तर हाका रांगेत उभ्या राहतात. पण मोठं बटण बंद केलं, तर रांगही नाही. त्या आल्या होत्या हेही कुणाला कळत नाही. तो खूश झाला. तेव्हा हे वाक्य मी फार अभिमानानं बोललो होतो.

एका कचेरीतल्या भाऊसाहेबांच्या फोनमध्ये लढाईचा गेम होता. मोठे साहेब तपासणीला आलेले, सगळे खाली माना घालून बसलेले, आणि भाऊसाहेबांच्या खिशातून तुतारी वाजली. पाठोपाठ खणखणीत आवाज, "राजे, तुमच्या किल्ल्यावर हल्ला झाला आहे!" आमच्या भागात किल्ला हा शब्द कुणी हलक्यात घेत नाही. शिपाई खरोखरच उभा राहिला. साहेबांनी चष्मा काढून विचारलं, "राजे, किती नुकसान?" त्या दिवसापासून भाऊसाहेबांना सगळी कचेरी राजे म्हणते. फोन मी गप्प केला, कचेरी करता आली नाही.

एक टोमॅटोवाले बागायतदार यायचे. त्यांच्या मंडळींना शेतीचा गेम लागला होता. भर दुपारी फोन ओरडायचा, "तुमचे टोमॅटो सुकत आहेत, लवकर पाणी द्या!" हा गडी पहिल्या वेळी जेवणावरून उठून ठिबक बघायला पळाला होता. माझ्याकडे येऊन म्हणाला, "घरात दोन रानं झालीत राव. एक माझं, एक तिचं. तिच्या रानात करपा न्हाई, बिबट्या न्हाई, लाईट जात न्हाई. माझ्या रानाकडं ती कशाला बघंल?"

आणि नदीकाठची ती दशक्रिया. पिंड ठेवलेला, कावळा समोरच्या झाडावर, शे-दीडशे माणसं श्वास धरून उभी. कावळा खाली उतरला, दोन उड्या मारून पिंडाजवळ आला. तेवढ्यात मयताच्या थोरल्या जावयाचा फोन बोलला, "अभिनंदन! तुम्हाला आणखी एक जीवन मिळालं आहे!" कावळा उडाला तो पुन्हा आलाच नाही. शेवटी दर्भाचा कावळा करावा लागला. जावई तिथून थेट माझ्या दुकानात आला, डोक्यावर टॉवेल तसाच.

अशा गोष्टी माझ्याकडे पुष्कळ आहेत. आता ती गाळलेली.

आबांचं पूर्ण नाव लिहीत नाही. गावाला लगेच कळेल आणि बाहेरच्यांना गरज नाही. घोडेगावपासून जवळच्या वाडीवर त्यांचं घर, कालव्याखालची चांगली जमीन. माणूस कमी बोलणारा आणि एकदा बोलला की माघार न घेणारा. त्यांना दोन मुलं. संजय थोरला आणि सुमन धाकटी. सुमननं आपल्या मर्जीनं बौद्ध समाजातल्या मुलाशी लग्न केलं. मुलगा शिक्षक, सरळ, निर्व्यसनी. आबांनी चारचौघांत सांगितलं, "आजपासनं मी तिचं त्वांड बघणार न्हाई." आम्ही चारचौघं तिथं होतो. मीही होतो आणि मान हलवली होती. सगळ्यांनी हलवली म्हणून. सुमन निमगाव सावाला राहायला गेली. म्हणजे फार लांब नव्हे, दोन गाड्या बदलल्या की पोचतो माणूस. पण बारा वर्षं कुणी गाडी बदलली नाही.

एके दिवशी आबा दुकानात आले. नवा फोन होता. त्यांच्या एका डोळ्याचं ऑपरेशन बिघडलेलं, दुसऱ्यानं रंग दिसायचे, अक्षरं दिसायची नाहीत. खिशातून एक चिठ्ठी काढली. तीत सहा इंग्रजी अक्षरं लिहिलेली.

"दत्तू, ह्यात ते सोंगट्यांचं टाकून दे. आन ही अक्षरं कुठं टाकायची तिथं टाक."

"आबा, लुडो? तुम्ही?"

"का, मला बंदी हाय?"

लुडोत दोस्ताला खेळायला बोलवायचा असा एक परवलीचा शब्द असतो. मी तो टाकला. समोरच्या खेळाडूचं नाव आलं, मैना. मी विचारलं, "ही मैना कोण?"

"हाय एक."

दुकानात दोघं-तिघं होते, ते खाकरले. मीही डोळा मारला. आबांनी न ऐकल्यासारखं केलं.

हा लुडो सावकाशीचा होता. एकानं चाल खेळली की दुसऱ्याला हाक जायची, मग त्यानं दिवसाभरात आपली चाल खेळायची. आबांना वाचता यायचं नाही, म्हणून मी त्यांच्या फोनला बोलायला लावलं. म्हणजे पट्टी आली की यंत्रातली बाई ती मोठ्यानं वाचून दाखवायची. आणि त्यांना बजावलं, "आबा, बाई बोलली की वरची पट्टी दाबायची. खेळ उघडतो, चाल खेळायची. बाकी कशालाही हात लावायचा नाही." म्हातारी माणसं भलतंच काही दाबून ठेवतात आणि मग आमच्या डोक्याला ताप, म्हणून हा नियम मी सगळ्याच म्हाताऱ्यांना घालून दिला होता. आबांनी तो पाळला. त्या फोनमध्ये शिरायचं त्यांना एकच दार माहीत होतं, आणि ते मी दाखवलेलं होतं.

बाई काय बोलायची? "मैना यांनी चाल खेळली. तुमची पाळी आली आहे."

आता हे मराठी कुणी केलं देवाला ठाऊक. कंपनीत बसलेल्या त्या माणसाला पाळी म्हणजे खेळातला डाव एवढंच माहीत असावं. आमच्या वाडीत पाळी येते ती कालव्याच्या पाण्याची. पहिल्या वेळी बाई बोलली तेव्हा आबा फावडं घेऊन चारीवर जाऊन उभे राहिले. पाणी सोडणारा पाटकरी म्हणाला, "आबा, पाळी पुढच्या आठवड्यात हाय. कुणी सांगितलं तुमाला?" आबा म्हणाले, "फोननं." पाटकऱ्यानं ही गोष्ट तालुकाभर केली.

आणि पाळीचा तिसरा अर्थ सगळ्यांना माहीत आहे. एसटीत, चावडीवर, देवळात, ऐंशीच्या घरातल्या माणसाच्या छातीवरचा खिसा बाईच्या आवाजात जाहीर करायचा, "तुमची पाळी आली आहे." बायका तोंडाला पदर लावायच्या. टारगट पोरं विचारायची, "आबा, ह्या वयात?" आबा शांतपणे फोन काढायचे, डोळ्याजवळ धरायचे, चाल खेळायचे आणि ठेवून द्यायचे. जवळजवळ वर्षभर हे चाललं. माणूस तोंड बघणार नाही म्हणाला होता. लुडोत तोंड दिसत नाही. पण हा हिशेब मला पुढे कळला. तेव्हा मला फक्त हसू येत होतं.

मग संजयच्या मुलाची सोयरीक आली. जुन्नरकडची मंडळी बघायला आलेली. चहापोहे झाले, बायका आत-बाहेर करताहेत, देण्याघेण्याचं नको, फक्त नारळ द्या असं काहीतरी चाललेलं. आणि खिसा बोलला. "मैना यांनी चाल खेळली. तुमची पाळी आली आहे." मग पाहुण्यांतला एक जण म्हणाला, "आबा, पेढे कधी?" सगळं घर हसलं. मी तिथं नव्हतो, पण दुसऱ्या दिवशी सकाळी संजय आबांना मोटारसायकलवर मागं बसवून दुकानात आला, तेव्हा त्याच्या तोंडावर हसण्याचा मागमूस नव्हता.

"काका, हे बंद करा. आत्ता. पावण्यांसमोर इज्जत गेली आमची."

"पाळी बंद करायची?" मी म्हणालो. दुकानातले हसले. मला दुकानातले हसलेले आवडायचे.

"काय ते असंल ते. पार मुळातनं बंद करा."

आबा मागं उभे होते. हळूच म्हणाले, "दत्तू, समदंच नको रे. आवाज बारीक कर. न्हाईतर दुसरा कसला तरी लाव."

ते बरोबर सांगत होते. बोलणाऱ्या बाईच्या जागी साधी घंटी लावणं सहज शक्य होतं. चालीची हाक तेवढी ठेवून बाकीच्या बंद करणंही शक्य होतं. सात मिनिटांचं काम. पण समोर चार गिऱ्हाइकं, संजय चावी फिरवत उभा, आणि मला एक चांगला विनोद सुचलेला.

"आबा, बारीक-बिरीक काही नसतं. पाळी एकतर येते, नाहीतर जाते. तुमची आता गेली समजा."

दुकान हसून लोटपोट झालं. मी वरचं मोठं बटण दाबलं. आबांनी फोन हातात घेतला, उलटासुलटा करून पाहिला आणि खिशात ठेवला. आयुष्यात मी गिऱ्हाइकांशी लबाडी फारशी केली नाही. "बारीक-बिरीक काही नसतं" ही त्यातली एक, आणि ती एका विनोदासाठी केली.

पंधराएक दिवसांनी आबा एकटेच आले. वाडीवरून चालत. बाकड्यावर बसले. गर्दी ओसरायची वाट बघत होते हे मला दिसत होतं, पण गर्दी ओसरली नाही.

"दत्तू, ते आता बोलत न्हाई."

"बोलणार कसं? बंद केलंय ना."

"तसं न्हाई. तिकडनं कुणी खेळतंय का न्हाई, ते कळंल का?"

मी फोन हातात घ्यायला हवा होता. एकदा उघडून बघितलं असतं तरी पुरलं असतं. मी म्हणालो, "मैना उडाली वाटतं आबा."

पुन्हा सगळे हसले. आबाही थोडेसे हसले, लोक हसतात म्हणून माणूस हसतो तसे. "उडाली आसंल," म्हणाले. उठले, चपला शोधल्या आणि गेले. त्यानंतर ते दुकानात कधी आले नाहीत.

पुढच्या उन्हाळ्यात आबा गेले. दशक्रियेला मोठा जमाव होता. सुमन आली होती. नवऱ्याबरोबर लांब बाभळीखाली उभी राहिली. पुढे ये असं कुणी म्हटलं नाही, मीही नाही. प्रवचनाला बोलावलेले महाराज आबांबद्दल म्हणाले, "दिलेला शब्द शेवटच्या श्वासापर्यंत पाळणारा असा माणूस आता होणे नाही." कशाबद्दल बोलत आहेत ते सगळ्यांना कळलं. काही जणांनी वळून बाभळीकडे पाहिलं. सुमन खाली बघत होती. त्या दिवशी एवढ्या माणसांत एकही फोन वाजला नाही. बहुतेक सगळी माझीच गिऱ्हाइकं होती.

चार-सहा दिवसांनी संजय आबांचा फोन घेऊन आला. "काका, ह्यातलं समदं पुसून द्या. मंडळी वापरतील."

पुसायच्या आधी आत काय आहे ते बघायची माझी पद्धत. फोटो, नंबर, काही ठेवायचं असेल तर. लुडो उघडला. पट तसाच होता. खाली समोरच्या खेळाडूचे निरोप. या खेळात आपलं आपण लिहिता येत नाही, कंपनीनं तयार करून दिलेली सात-आठ वाक्यं असतात, त्यांतलं एक दाबायचं. मैनानं ती सगळी वापरली होती. "छान चाल!" "लवकर खेळा!" "तुमची वाट पाहत आहे." "लवकर खेळा!" "तुमची वाट पाहत आहे." असं खाली खाली. मग खेळानं स्वतः लिहिलेली ओळ, तीन पाळ्या चुकल्या म्हणून आबांना बाद केल्याची. आणि त्यानंतर एकच वाक्य, आठवड्या-आठवड्यानं, महिन्या-महिन्यानं. "पुन्हा खेळूया?" शेवटचं आबा जायच्या चार दिवस आधीचं. प्रत्येकाखाली दोन बटणं, होय आणि नंतर.

मी संजयला दाखवलं. "ही मैना कोण आहे रे? मी आपली नुसती चेष्टाच करत होतो."

संजयनं फोन जवळ ओढून ते निरोप वरपासून खालपर्यंत वाचले. मग म्हणाला, "सुमी. आबा तिला लहानपणी मैना म्हणायचे. घरातच. भाईर कुणाला ठावं नव्हतं."

"तुला कधी कळलं?"

"पावणं आलते तवाच. दिसभर मी रानात, तवर कधी नीट ऐकलंच नव्हतं. नाव ऐकलं न् कळलं."

म्हणजे तो पाळी या शब्दाला लाजला नव्हता. पाळी सगळ्यांना ऐकू आली, मैना फक्त त्याला. सोयरीक मोडेल म्हणून त्यानं हाक बंद करून घेतली, आणि मी ती त्याला विनोदासकट करून दिली.

"पुसा काका," तो म्हणाला. "आता ठिवून काय करायचं? आन कुणाला बोलू नका."

हे मी संजयला उघडं पाडायला लिहीत नाही. त्यानं सांगितलं होतं, पण बोट माझं होतं. दोन्ही वेळा. मी फोन पुसून दिला. तो कोरा झाला की पहिल्यांदा "स्वागत आहे" असं लिहून येतं. तसं आलं.

गावात आजही बोललं जातं की आबांनी मरेपर्यंत मुलीवरचा राग सोडला नाही. कुणी कौतुकानं बोलतं, कुणी नावं ठेवतं. ते खोटं आहे, हे या लेखात नोंदवतो. आबा वर्षभर रोज मुलीशी खेळत होते. तिची हाक आली की ताटावरून उठत होते. त्यांनी खेळ सोडला नाही. तो मी बंद केला.

हे गावाला सांगणं सोपं आहे, छापून आलं की झालं. सांगायचं होतं ते सुमनला. दुकान कायमचं बंद केल्यावर एका सकाळी मी मंचरला गाडी बदलली, नारायणगावला बदलली आणि निमगाव सावाला उतरलो. घर सापडायला वेळ लागला नाही. सुमन ओट्यावर शिलाई मशीनवर बसली होती. मला बघून उठली.

"काका तुमी? घोडेगावचे ना, गप्पवाले? या, बसा. ते शाळेत गेलेत."

पाणी दिलं, चहा टाकला. घरात शिलाईच्या चिंध्या, भिंतीवर मुलांची बक्षिसं. कसं काय आलात असं तिनं लगेच विचारलं नाही. मी वाक्य जुळवत होतो. तेवढ्यात तीच बोलायला लागली. मामीच्या हाती चिठ्ठी पाठवली होती, आबा खेळतील असं वाटलं नव्हतं, पण खेळले. रोज सकाळी पोरांचे डबे करता करता ती चाल खेळायची.

"वरीसभर खेळले काका. मग सोडलं. मला म्हाईत हाय का सोडलं."

मी चहा बशीत ओतला.

"त्यांची शेवटची सोंगटी घराच्या पट्टीत वळायला दोनच घरं राह्यली व्हती. मी मारली. खेळायच्या नादात मारली, ध्यानातच न्हाई आलं. त्याच दिवसापासनं त्यांची चाल आली न्हाई." ती मशीनवरचं कापड उगाच सारखं करत होती. "लहानपणी बी मारली की उठून जायचे. मला कळायला पायजे व्हतं. एवढ्या वर्षांनी खेळाया आले, आन मी त्यांची सोंगटी मारली."

मी बशी तोंडाला लावली.

"एक विचारू काका? एवढ्याशा गोष्टीचा माणूस इतका राग धरंल?"

याचं उत्तर जगात एकाच माणसाकडे होतं आणि तो तिच्या ओट्यावर बसून तिचा चहा पीत होता. मी म्हणालो, "म्हातारपण असतं बाई."

ती हसली. मग आठवल्यासारखं करून आतून फोन घेऊन आली. "आलाच हाय तर एवढं करा. पोरांनी गेम टाकून ठेवलेत, दिवसभर कुईकुई करतो. समदे गप्प करा. ह्यो एक लुडो सोडून. ह्याचा आवाज ऱ्हाऊ द्या."

मी केलं. वरच्या बटणाला हात लावला नाही. एकेक गेम उघडला, एकेक जात वाचली, तिला विचारलं, बंद केली. लुडोची चालीची हाक तेवढी चालू ठेवली, आवाज पूर्ण वर केला आणि तिला वाजवून दाखवला. आयुष्यातलं सगळ्यात नेटकं काम मी त्या दिवशी केलं असेन. सात मिनिटं लागली. मी घड्याळवाला, मला वेळ कळतो.

मी चपला घालत असताना तिनं विचारलं, "काका, काही काम व्हतं का? सहज कसे आलात?"

मंचरपासून घोकत आणलेलं वाक्य तोंडाशी होतं. "सुमन, तू सोंगटी मारलीस म्हणून आबा थांबले नाहीत. ते तुझ्या हाकेची वाट बघत होते, आणि ती हाक मी बंद केली होती. मला माफ कर." एवढंच, पाठ झालेलं. ती दाराच्या चौकटीला धरून उभी होती आणि मी बोलायची वाट बघत होती.

मी म्हणालो, "फोनची बॅटरी थोडी फुगल्यासारखी वाटते. बदलून घे."